नारळी पौर्णिमेआधी आलं, गणपतीआधी गेलं

नागावला मामांच्या घराची शाकारणी दरवर्षी मेअखेरीस होते. कौलं उतरवण्याआधी माळा रिकामा करावा लागतो. अलिबागच्या कोर्टाला सुट्टी होती म्हणून यंदा मी मदतीला गेले. पत्र्याच्या ट्रंकेतून १९७९ सालची एक वही निघाली. मामा तेव्हा पंचविशीत होते, शेतकरी कामगार पक्षाचं काम करत होते आणि रोज संध्याकाळी आकाशवाणीच्या बातम्या ऐकून दोन ओळी लिहून ठेवत होते. पुढे ते शाळेत इतिहास शिकवू लागले आणि वही माळ्यावर गेली.

वही उघडली ती नेमकी जुलै-ऑगस्टच्या पानांवर. चौधरी चरणसिंगांचं सरकार २८ जुलैला, शनिवारी आलं. २० ऑगस्टला, सोमवारी त्यानं राजीनामा दिला. मामांनी खाली लिहिलं होतं, ‘नारळी पौर्णिमेआधी आलं, गणपतीआधी गेलं.’ त्यावरून आमचं जे बोलणं सुरू झालं ते दिवेलागणीपर्यंत चाललं. मी वकील आहे, सरकार पडलं की मला आधी राज्यघटनेचं कलम आठवतं. मामांना माणसं आठवतात. बोलणं झालं तसं लिहिते आहे.

मामा: हे पान वाचताना अजून पोटात कालवतं बघ. सत्त्याहत्तरच्या मार्चमध्ये आम्ही रेवदंड्यापासून मांडव्यापर्यंत सायकलवर फिरलो होतो. कुलाबा जिल्हा म्हणायचे तेव्हा, रायगड हे नाव ८१ साली आलं. आणीबाणीनं लोक दबलेले. तोंडानं काही बोलायचे नाहीत, पण दारात उभे राहून नुसती मान हलवायचे, त्यावरून आम्हाला कळायचं. आपले दि. बा. पाटील लोकसभेवर गेले. देशात जनता पक्षाला २९५ जागा मिळाल्या. एवढा विश्वास लोकांनी टाकला आणि यांनी अठ्ठावीस महिन्यांत तो उधळून लावला.

मी: विश्वास टाकला तो कोणावर, तेही बघा ना मामा. जनसंघ, लोकदल, संघटना काँग्रेस, समाजवादी आणि नंतर आलेला जगजीवनरामांचा गट. बाहेर मुसळधार पाऊस होता म्हणून पाच घरची माणसं एका पडवीत आली होती. पाऊस थांबल्यावर जो तो आपल्या वाटेनं जाणारच. मोरारजी, चरणसिंग आणि जगजीवनराम, तिघांनाही पंतप्रधान व्हायचं होतं. अशी मोट सुटली तर मी त्याला विश्वासघात म्हणणार नाही.

मामा: मोट बांधताना त्यांनी लोकांना असं सांगितलं होतं का, की आम्ही पाऊस थांबेपर्यंतच एकत्र आहोत?

मी: नाही सांगितलं. पण मी दुसऱ्या बाजूनं बघते. १९७५ च्या जूननंतर काय होतं? सरकार पडूच शकत नव्हतं. विरोधक तुरुंगात, वर्तमानपत्रांवर सेन्सॉर, निवडणूक पुढे ढकललेली. आणि १९७९ च्या जुलैत? विरोधी पक्षनेत्यानं अविश्वासाचा ठराव मांडला, खासदारांनी बाजू बदलली, पंतप्रधानांनी राजीनामा दिला आणि एकाही माणसाला अटक झाली नाही. सरकार पडू शकतं, ही सोय परत मिळवण्यासाठीच तर तुम्ही सायकल मारत होतात.

मामा बराच वेळ बोलले नाहीत. वहीची पानं मागे उलटत ११ जुलैपर्यंत गेले.

मामा: सोय कशाला म्हणतेस ते ऐक. हा ठराव यशवंतराव चव्हाणांनी मांडला. नुकतेच विरोधी पक्षनेते झाले होते, त्यांचं ते कामच होतं, माझी तक्रार नाही. पण त्या आठवड्यात काय काय झालं! जॉर्ज फर्नांडिस सभागृहात सरकारच्या बाजूनं असं बोलले की रेडिओवर नुसता गोषवारा ऐकून आम्हाला स्फुरण चढलं. आणि काही दिवसांतच ते पलीकडे. रविवारी, १५ तारखेला पंतप्रधान मोरारजींनी राजीनामा दिला. मतदान झालंच नाही.

मी: बाजू बदलण्याचं कारण दिलं गेलं ते दुहेरी निष्ठेचं. जनसंघातून आलेल्यांनी राष्ट्रीय स्वयंसेवक संघाचं सदस्यत्व ठेवायचं की नाही? मधु लिमये वर्षभर तेच विचारत होते. पुण्याचा माणूस, गोवामुक्तीसाठी तुरुंग भोगलेला, सत्तेचं पद न घेतलेला. त्यांचा हेतू तुम्हीही वाईट म्हणणार नाही.

मामा: हेतूबद्दल ब्र काढणार नाही. पण प्रश्न खरा होता तर १९७७ च्या मे महिन्यात पक्ष विलीन करताना का नाही विचारला? लग्न लागल्यावर दोन वर्षांनी कुळी काढायची? आणि चरणसिंगांच्या गोटातल्या राजनारायणांनी तोच प्रश्न हातात घेतला तेव्हा तो तत्त्वाचा उरला नाही, हे लिमयांना दिसायला हवं होतं. त्यांच्यावर माझा राग आहे तो एवढाच. दिसण्याइतकी बुद्धी देशात मोजक्या लोकांकडे होती, त्यांतले ते एक होते.

इथं मला मामांचं म्हणणं पटलं. पण वादाचं खरं गाठोडं पुढे होतं, आणि ते यशवंतरावांचं होतं. महाराष्ट्रातल्या त्या पिढीला या माणसाबद्दल बोलताना अजूनही त्रास होतो.

मामा: अठरा जुलैला राष्ट्रपती संजीव रेड्डींनी पहिलं बोलावणं यशवंतरावांना केलं. सरकार बनवता येतं का बघा म्हणून. मराठी माणूस पंतप्रधानपदाच्या इतक्या जवळ कधी आला नव्हता. मी लाल बावट्याचा, आयुष्यभर काँग्रेसशी भांडलेला, पण त्या चार दिवसांत मीसुद्धा रेडिओपासून हललो नाही. बावीसला त्यांनी कळवलं, जमत नाही.

मी: आणि ते योग्यच केलं. आकडे नव्हते, तसं त्यांनी सरळ सांगितलं. किती जणांना एवढं जमतं?

मामा: तिथं थांबले असते तर मी आज त्यांना हात जोडले असते. पण आठवड्याच्या आत ते चरणसिंगांच्या हाताखाली उपपंतप्रधान झाले, गृहखातं घेतलं. आणि ते मंत्रिमंडळ कोणाच्या खांद्यावर उभं होतं? इंदिराबाईंच्या! ज्या चरणसिंगांनी गृहमंत्री असताना १९७७ च्या ऑक्टोबरात त्यांना अटक करवली, त्यांनाच आता त्या बाहेरून पाठिंबा देणार. आणि यशवंतरावांची चूल दीड वर्षापूर्वीच त्यांच्यापासून वेगळी झालेली. संरक्षणमंत्री होऊन हिमालयाच्या मदतीला गेलेला सह्याद्री तो हा.

मी: त्यांची बाजू कोणी तरी मांडली पाहिजे मामा. मोरारजी गेले होते. लोकसभा अजून अडीच वर्षं चालू शकत होती. कोणी सरकार बनवलंच नसतं तर लगेच निवडणूक, आणि त्या वर्षी पाऊस दगा देत होता, तेल महागलं होतं. राष्ट्रपतींनी मोरारजी आणि चरणसिंग, दोघांकडून पाठिंब्याच्या याद्या मागवल्या, त्यात चरणसिंगांचं पारडं जड निघालं. मग अनुभवी माणसांनी बाहेर बसून तमाशा बघायचा? सी. सुब्रमण्यम संरक्षणाला गेले, बहुगुणा अर्थखात्याला, करणसिंग शिक्षणाला. अण्णा द्रमुकचे दोन मंत्री आले, द्रविड पक्षाला केंद्रीय मंत्रिमंडळात जागा मिळाली ती तेव्हा पहिल्यांदा. नुसता भुरट्यांचा मेळा नव्हता तो.

मामा: माणसं मोठी होती म्हणूनच लागतं. तू नाते गाव बघितलंयस ना, महाडजवळचं?

मी: चिंतामणराव देशमुखांचं.

मामा: हो. जन्म नात्याचा, घर रोह्याचं. रिझर्व्ह बँकेचे पहिले हिंदी गव्हर्नर. १९५२ ला ते आपल्या कुलाब्यातून लोकसभेवर गेले आणि नेहरूंच्या मंत्रिमंडळात अर्थमंत्री होते. मुंबई केंद्रशासित करायचं ठरलं, मुंबईत गोळीबार झाला, माणसं मेली. १९५६ च्या जुलैत या माणसानं राजीनामा दिला आणि लोकसभेत उभं राहून का दिला ते नेहरूंच्या तोंडावर सांगितलं. सरकार पडणार नव्हतं, बदल्यात काही मिळणार नव्हतं. राजीनामा कसा द्यावा हे या जिल्ह्याला कोणी शिकवायला नको. म्हणून एकोणऐंशीचे राजीनामे आम्हाला सहन झाले नाहीत. ते सगळे कुठे तरी जाण्यासाठी दिलेले होते.

मला यावर उत्तर सुचलं नाही, आणि आजही सुचत नाही. चिंतामणरावांची मोजपट्टी लावली तर भले भले आखूड ठरतात हे खरं. पण मतदारांनी तीच पट्टी हातात ठेवली पाहिजे, असं मला मामांचं ऐकताना वाटलं.

मी: बरं, त्या तेवीस दिवसांत वहीत काय आहे?

मामांनी वाचून दाखवलं. ११ ऑगस्टला गुजरातेत मोरवीचं धरण फुटलं आणि शहर वाहून गेलं. १५ ऑगस्टला चरणसिंग लाल किल्ल्यावरून बोलले. लोकसभेची बैठक २० तारखेला होती, तिथं विश्वासदर्शक ठराव यायचा होता. पण बैठकीच्या तोंडावर इंदिरा काँग्रेसनं पाठिंबा काढला आणि सभागृहात पाऊल न टाकता पंतप्रधानांनी राजीनामा दिला, वर लोकसभा विसर्जित करण्याचा सल्लाही दिला. जनता पक्षाचे जगजीवनराम आणि चंद्रशेखर राष्ट्रपतींकडे गेले होते, आम्हाला संधी द्या म्हणत होते. बावीस तारखेला राष्ट्रपतींनी लोकसभा विसर्जित केली.

मामा: नारळी पौर्णिमेला कोळ्यांनी नारळ सोडला, होड्या पाण्यात गेल्या. त्या पहिल्या फेऱ्या करून येतात तोवर दिल्लीत सरकार नव्हतं.

मी: चरणसिंगांचं म्हणणं असं होतं की आणीबाणीच्या गुन्ह्यांसाठी नेमलेली विशेष न्यायालयं गुंडाळायला आपण तयार झालो नाही, म्हणून पाठिंबा गेला. हे खरं धरलं तर मामा, तो नकार त्यांच्या खात्यावर जमा करायला हवा. खुर्ची वाचवण्यासाठी खटले सोडून दिले नाहीत त्यांनी.

मामा: करतो जमा. पण खटले लढायचे होते तर आरोपीच्या पाठिंब्यावर शपथ का घेतली, हेही त्याच पानावर लिहितो.

एवढ्यात मामी वालाच्या शेंगांचं सूप घेऊन पडवीत आली. आमचं बोलणं ती आतून ऐकत होती.

मामी: तुमचं दिल्लीचं झालं का? मी सांगते तेव्हा इथं काय होतं ते. रॉकेलला रांग. डबा रांगेत ठेवून घरी येऊन भाकऱ्या करायच्या आणि परत जायचं. दिवाळीनंतर कांदा इतका महागला की कालवणात अर्धाच घालायचे. अलिबागच्या पांढऱ्या कांद्याच्या माळा ज्या घरात टांगलेल्या असायच्या, त्या घरात कांदा मोजून! इंदिराबाईंच्या माणसांनी तोच कांदा प्रचारात धरला. सरकार कोणाचं म्हणून विचारलं तर हे म्हणायचे, काळजीवाहू. मी म्हटलं, कोणाची काळजी वाहतंय? जानेवारीत मी इंदिराबाईंना मत दिलं. यांना सांगितलं तेव्हा आठ दिवस बोलले नाहीत माझ्याशी.

मामा: नव्हतो बोललो. चूक झाली.

मी: तुमची?

मामा: माझीच. तिनं विचारलं ते आम्ही सभांत विचारायला हवं होतं.

मामीचा प्रश्न वकिलाच्या कानालाही बोचणारा आहे, म्हणून त्यावर थोडं थांबते. राज्यघटनेत ‘काळजीवाहू सरकार’ असा शब्दच नाही. कलम ७४ सांगतं की राष्ट्रपतींना सल्ला देण्यासाठी मंत्रिमंडळ असलंच पाहिजे, आणि लोकसभा विसर्जित झाली तरी ते असलं पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालयानं १९७१ साली म्हटलं आहे. म्हणून चरणसिंग खुर्चीवर राहिले ते कायद्याला धरून. पण कलम ७५ सांगतं की मंत्रिमंडळ सामुदायिकपणे लोकसभेला जबाबदार असतं. जे मंत्रिमंडळ लोकसभेसमोर एकदाही गेलं नाही आणि ज्याच्यासमोर आता लोकसभाच नाही, ते कोणाला जबाबदार? कलकत्ता उच्च न्यायालयात हा प्रश्न गेला, तेव्हा रोजचा कारभार चालवावा, धोरणाचे मोठे निर्णय घेऊ नयेत, असा अर्थ न्यायालयानं काढला.

आणि तो काळ थोडाथोडका नव्हता. २२ ऑगस्टपासून १४ जानेवारीपर्यंत, म्हणजे जवळजवळ पाच महिने. त्यात दुष्काळ आला, महागाई आली, डिसेंबरच्या अखेरीस सोव्हिएत फौजा अफगाणिस्तानात शिरल्या. ज्यांच्या पाठीशी सभागृहाचं एक मत नव्हतं, त्यांना जगासमोर भारताची भूमिका मांडायची होती. अर्थमंत्री बहुगुणा तर निवडणुकीआधीच इंदिरा काँग्रेसमध्ये गेले. ३ आणि ६ जानेवारीला मतदान झालं, इंदिरा काँग्रेसला ३५३ जागा मिळाल्या. महाराष्ट्रात यशवंतरावांच्या पक्षाचे ते एकटेच निवडून आले, साताऱ्यातून.

मी: मामा, मी सकाळपासून म्हणते आहे की सरकार पडणं वाईट नाही. ते मी सोडत नाही. पण सभागृहासमोर न जाता पाच महिने राज्य करणं हे पडण्याहून वेगळं आहे. ते मला वकील म्हणूनही पचत नाही.

मामा: आता तू माझ्याकडे आलीस.

मी: अर्धी. उरलेल्या अर्ध्यासाठी रोह्याला चला. औट घटकेचं सरकार काहीच देत नाही म्हणता ना? कोकणात रेल्वे कोणी आणली?

मामा: दंडवत्यांनी. राजापूरचा खासदार. मोरारजींच्या मंत्रिमंडळात रेल्वेमंत्री होते तेव्हा आपटा-रोह्याचं काम हाती घेतलं. सरकार गेलं आणि काम रेंगाळलं, गाडी रोह्याला यायला शहाऐंशी उजाडलं. बघ, माझाच मुद्दा.

मी: अर्धाच. रोह्याच्या पुढची रेल्वे कधी ठरली? १९ जुलै १९९० ला कोकण रेल्वे महामंडळ स्थापन झालं, श्रीधरन प्रमुख झाले. तेव्हा दंडवते अर्थमंत्री होते, जॉर्ज फर्नांडिस रेल्वेमंत्री, आणि विश्वनाथ प्रताप सिंगांचं ते सरकार अकरा महिन्यांत गेलं. महामंडळ स्थापन झाल्यावर ते सरकार चार महिनेसुद्धा टिकलं नाही. पण त्यानं पाया घातला तो कोणाला उपटता आला नाही. १९९८ ला रोह्यापासून मंगळूरजवळच्या ठोकूरपर्यंत गाडी धावली. आज गणपतीला मुंबईहून रेल्वेनं रोह्याच्या पुढे जाणारा प्रत्येक चाकरमानी त्या अकरा महिन्यांच्या सरकारनं आखलेल्या रुळांवरून जातो.

मामा: जॉर्जचं हे मी विसरलो होतो. त्याच्यावर त्या जुलैचा राग इतका होता की हे त्याच्या नावावर कधी मांडलंच नाही.

मी: आणि ते सरकार पडलं कुठे? ७ नोव्हेंबर १९९० ला लोकसभेत. १४२ विरुद्ध ३४६. पडणार हे पंतप्रधानांना स्पष्ट दिसत होतं, तरी ते सभागृहात गेले, बोलले, ऐकून घेतलं आणि हरले. वाजपेयींचं १९९६ चं तेरा दिवसांचं सरकारही तसंच. चर्चा दूरदर्शनवरून देशानं पाहिली, आकडे जुळणार नाहीत हे कळल्यावर त्यांनी सभागृहातच सांगितलं की मी राजीनामा द्यायला जातो. तेरा दिवस, पण सरकार लोकसभेसमोर उभं राहिलं. चरणसिंगांचे तेवीस दिवस त्याहून दहानं जास्त, आणि लोकसभेसमोर एकही नाही.

मामा: मग दिवस मोजू नयेत, असं म्हणतेस.

मी: दिवस मोजूच नयेत. सभागृहात उभं राहिलं का, एवढं विचारावं.

मामा वही मिटून बसले. पुढे काय बदललं ते मीच सांगितलं. १९८५ साली पक्षांतरबंदीचा कायदा आला. बहुमत राजभवनात किंवा राष्ट्रपती भवनात मोजायचं नाही, सभागृहात मोजायचं, हे सर्वोच्च न्यायालयाच्या १९९४ च्या बोम्मई निकालानं पक्कं केलं. म्हणूनच २०१९ च्या नोव्हेंबरात मुंबईत पहाटे शपथविधी झाला, तेव्हा सर्वोच्च न्यायालयानं चौथ्या दिवशी ‘उद्याच बहुमत दाखवा’ म्हटलं आणि ते सरकार त्याच दिवशी गेलं. एकोणऐंशीत याद्या तपासून पंतप्रधान ठरला होता, हे लक्षात घेतलं की त्या निकालाचं मोल कळतं.

मामा: म्हणजे आता एकोणऐंशी होणार नाही?

मी: तसं म्हणवत नाही. शपथ घेतल्यावर किती दिवसांत विश्वासमत घ्यायचं हे राज्यघटनेत आजही लिहिलेलं नाही. राष्ट्रपती किंवा राज्यपाल सांगतील तेवढी मुदत. आणि मुदत संपायच्या आदल्या रात्री राजीनामा देऊन विसर्जनाचा सल्ला दिला तर तो मानायचा की नाही, हेही लिहिलेलं नाही.

मामा: तेवढं तरी लिहून घ्या की. आमच्या चरीच्या शेतकऱ्यांनी खोतांविरुद्ध सहा वर्षं जमीन पडीक ठेवली, उपास काढले, पण संप मोडला नाही. कागदावर काही नव्हतं, शब्द होता. दिल्लीत शब्द चालत नाही हे एकोणऐंशीत कळलं, तर निदान कागद करा.

माझं आणि मामांचं एकमत झालं ते इथं. ते अजून म्हणतात की जनता पक्ष फोडणाऱ्यांनी लोकांचा घात केला. मी अजून म्हणते की न पडणारं सरकार पडणाऱ्यापेक्षा वाईट असतं. पण शपथविधीनंतर ठरावीक दिवसांत, माझ्या मते दहा, सभागृहात मत घ्यावं, आणि त्याआधी राजीनामा देणाऱ्याला सभागृह विसर्जित करण्याचा सल्ला देता येऊ नये, एवढी दोन वाक्यं राज्यघटनेत आली पाहिजेत. आपल्या खासदाराला पत्र लिहायचं झालं तर एवढंच लिहा. आणि पुढच्या वेळी शपथविधीचा फोटो पाहाल तेव्हा बातमीत विश्वासमताची तारीख शोधा. नसेल तर विचारा.